शेत विकलं, मोहा नाही विकला

सकाळचे नऊ वाजून गेले तरी शाळेच्या व्हरांड्यात आमच्याशिवाय फक्त एक कुत्रं होतं, आणि तेही झोपलेलं. टेबल मांडलेलं, फायली रचलेल्या, अंगठ्यासाठी शाईचं पॅड उघडून ठेवलेलं. समोर सतरंजी, आणि सतरंजीवर कोणी नाही.

"मेश्राम, नोटिसा पोचल्या होत्या ना?" घोरपडे मॅडमनी विचारलं.

"पोचल्या मॅडम. सगळ्यांच्या सह्या, अंगठे आहेत."

"मग माणसं कुठायत?"

मी कोतवालाला पिटाळलं. कोतवाल म्हणजे गावातला सरकारी हरकाम्या. तो गेला तसाच परत आला.

"गावात कोनी नाई जी. मोहा पडून राह्यला."

"कोण पडला?" मॅडम खुर्चीतून उठल्याच. "लागलंय का त्याला?"

मॅडम साताऱ्याकडच्या. त्यांना समजावता समजावता कोतवालाची पुरेवाट झाली. मोहाचं झाड असतं, चैतात त्याची फुलं गळतात, पहाटेपासून ऊन चढेपर्यंत ती वेचायची असतात, आणि त्या दिवसांत कलेक्टर आला काय की लाट साहेब आला काय, गाव झाडाखालीच असते. मी वरोऱ्याचा, कापसाच्या मुलखातला. मलाही हे ऐकून माहीत होतं, पाहून नाही. सुनावणीची तारीख लावताना हे कोणाच्याच डोक्यात आलं नाही. ऑफिसातल्या भिंतीवरच्या कॅलेंडरवर रविवार लाल असतो. मोहा कुठे लिहिलेला असतो?

गडचिरोली जिल्हा तेव्हा नुकताच चंद्रपुरातून वेगळा झाला होता. मी भूसंपादन ऑफिसात अव्वल कारकून होतो आणि घोरपडे मॅडम आमच्या भूसंपादन अधिकारी. चामोर्शी तालुक्यातल्या कुकडटोल्याजवळ सिंचनाचा एक लहान तलाव व्हायचा होता, आणि त्यात काही धानाच्या बांध्या, म्हणजे भाताची खाचरं, बुडणार होत्या. भूसंपादन म्हणजे काय, तर सरकारला तुमची जमीन पाहिजे. नाही म्हणायची सोय नाही. किती द्याल, हे म्हणायची सोय आहे. त्या म्हणण्यासाठी जी नोटीस निघते ती कलम नऊची. ज्याचा ज्याचा त्या जमिनीत हितसंबंध आहे, त्यानं अमुक दिवशी यावं आणि आपलं म्हणणं मांडावं. मग अधिकारी जमिनीची, विहिरीची, झाडांची किंमत ठरवतो. त्या निकालाला निवाडा म्हणतात. ऐकायला मोठा शब्द आहे. बहुतेक वेळा कारकूनच त्याचा मसुदा करतो आणि साहेब सही ठोकतात. मॅडम मात्र मसुदा वाचायच्या. माझ्या नोकरीत असे अधिकारी एका हाताच्या बोटांवर मोजण्याएवढेच भेटले.

ऊन तापल्यावर लोक आले. हातापायांना, लुगड्यांना, टोपल्यांना तो गोड, थोडा आंबूस वास. अर्ध्या घंट्यात अख्खा व्हरांडा त्या वासाने भरून गेला. मॅडमनी रुमाल नाकाशी नेला आणि परत खाली ठेवला. लोकांनी पाहिलं असतं तर वाईट दिसलं असतं, हे त्यांच्या ध्यानात आलं असावं.

तिसरी की चौथी फाईल भोयर भावांची होती. थोरला दादाजी, धाकटा नामदेव. सातबाऱ्यावर दोघांची नावं, भांडण नाही, तंटा नाही. मी मनात म्हटलं, चला, ही तरी लवकर उरकेल. मी वाचून दाखवलं. जमीन एवढी, प्रत अशी, धुऱ्यावर, म्हणजे बांधावर, मोहाची झाडं सहा. वनविभागाकडून झाडांची किंमत आली होती, जळाऊ लाकडाच्या दराने.

दादाजी हात जोडून उभा राहिला. वाळलेला, उंच माणूस, डोक्याला पंचा.

"जमीन लिहा जी. मोहा लिहू नोका. मोहा माहा नाई."

"तुमच्या शेतात आहे ना?" मॅडम म्हणाल्या.

"हाये जी. पन माहा नाई. मैनाबाईचा हाये."

"दादा, गप बस ना!" नामदेव मागून म्हणाला.

व्हरांड्याच्या शेवटच्या खांबाला टेकून एक म्हातारी बसली होती. मैनाबाई मडावी. तिला नोटीस गेली नव्हती, कारण आमच्या कोणत्याच कागदात तिचं नाव नव्हतं. ती नुसती आली होती.

गोष्ट अशी होती. ते शेत मूळचं मैनाबाईच्या सासऱ्याचं. त्यानं ते दादाजीच्या बापाला विकलं. रीतसर, रजिस्टर करून. पण त्या भागात एक रीत आहे. शेत विकते, मोहा विकत नाही. खरेदीखतात याबद्दल अक्षरही लिहीत नाहीत, कारण ज्याला रीत माहीत नाही असा माणूस गावात नसतोच. शेत भोयरांनी कसलं आणि धुऱ्यावरची फुलं मडाव्यांनी वेचली. एक पिढी गेली, दुसरी म्हातारी झाली. मैनाबाईचा नवरा गेला, पोरगी दूर देऊन टाकली. तिच्याजवळ जमीन नव्हती. ते सहा मोहा तेवढे होते. फुलं वाळवून ती बाजारात विकायची, उरलेली शिजवून खायची, बियांचं तेल काढायची. पावसाळ्यात हाताला काम नसायचं तेव्हा तिच्या घरात जे शिजायचं ते त्या झाडांचं.

आता तलाव होणार होता आणि झाडं तुटणार होती. कागदाप्रमाणे त्यांचा मोबदला भोयरांना. म्हातारीला काहीच नाही.

मी कारकुनी डोकं चालवलं. म्हटलं, "दादाजीभाऊ, एवढं कशाले ताणता? पैसे तुमच्या नावानं उचला आन् घरी जाऊन बाईले देऊन टाका. काम फत्ते."

दादाजी माझ्याकडे असा पाहायला लागला, जसं काही मी त्याला चोरी करायला सांगितलं.

"बाबू, मंग ते माही मेहरबानी होईन. मोहा तिचा हाये तं तिनं माह्या दारात काऊन यावं? आन् उद्या मी मेलो, पोराईनं देल्ले नाई, तं?"

मी फाईलीत तोंड घातलं.

पण नामदेव ऐकेना. आणि खरं सांगतो, तो काही लुच्चा माणूस नव्हता. त्याचं म्हणणं चोख होतं. "म्याडम, खरेदीखतात दोन वळी असत्या तं मी काई बोललो नसतो. नाई हायेत. कागदानं शेत आमचं, झाडं आमचे. आज इनं म्हनलं मोहा माहा, उद्या कोनी येईन आन् म्हनन बोरी माही. अर्धी जमीन बुडून राह्यली आमची. आमी कुठी जावं?" आणि मग जोरात म्हणाला, "आन् मोहा मीबी वेचतो तिथचा. एकटी तेच नाई वेचत."

सतरंजीवर कोणीतरी खोकलं. दादाजीनं खाली पाहिलं.

आता इथे कायद्याची गंमत सांगतो. मोबदला कोणाचा याचा वाद निघाला, की अधिकारी सरळ तो जिल्हा कोर्टात पाठवू शकतो. रक्कमही तिकडे जाते आणि निकाल लागेपर्यंत तिथेच पडून राहते. आमच्याकडच्या नव्वद टक्के साहेबांना हे कलम देवासारखं वाटायचं. झंझट गेली, फाईल बंद.

मी हळूच म्हटलं, "मॅडम, कोर्टाकडे पाठवून द्यायचं का?"

"तेच सगळ्यात सोपं आहे," मॅडम म्हणाल्या. "माझं काम संपेल. बाईंचंही संपेल." मग त्यांनी मैनाबाईला जवळ बोलावलं.

"बाई, तुमच्याकडे काही कागद?"

"कागूद नाई, बाई."

"साक्षीदार?"

म्हातारीनं मागे वळून सगळ्या गावाकडे हात केला. गाव मुंड्या हलवून हो म्हणत होतं. पण गावाच्या मुंड्या निवाड्याला जोडता येत नाहीत. वरच्या ऑफिसात पहिला प्रश्न येणार, सहखातेदाराची हरकत असताना त्याच्या शेतातली झाडं दुसऱ्याच्या नावे कशाच्या आधारावर केली?

मॅडमनी पेनचं टोपण लावलं, काढलं, लावलं. ही त्यांची सवय. टोपण लागत-निघत असलं की आम्ही समजायचो, आता आपल्या कपाळी काम येते.

"मैनाबाई, उद्या सकाळी मोहा वेचायला जायचं नाही. इथं शाळेत येऊन माझ्याजवळ बसायचं."

"एका दिवसाचा मोहा जाईन, बाई."

"एक दिवस मला द्या." मग त्या नामदेवकडे वळल्या. "नामदेवराव, तुम्ही वेचता म्हणता ना तिथली फुलं? उद्या वेचा. सहाही झाडांखालची. तुम्हाला कोणी अडवणार नाही. आमचे मेश्राम दोन पंच घेऊन तिथं उभे राहतील. तुम्ही वेचलीत की तसा पंचनामा होईल. पंचनामा तुमच्या बाजूचा."

नामदेवचा चेहरा उजळला. माझा उतरला. म्हटलं, मॅडमनी हे काय केलं? आ बैल मुझे मार! तो टोपलं घेऊन येईल, भरून नेईल, आणि मी आपल्या हातानं म्हातारीच्या विरोधात पंचनामा लिहीन.

दुसऱ्या दिवशी उजाडायच्या आधी मी दोन पंच आणि कोतवाल घेऊन भोयरांच्या धुऱ्यावर उभा होतो. फुलं गळत होती. पाचोळ्यावर पडली असती तर आवाज आला असता. पण त्या सहाही झाडांखालची जमीन म्हातारीनं पाचोळा जाळून, झाडून अंगणासारखी करून ठेवलेली. त्यावर पिवळट, रसाळ फुलं. भोवतालच्या शेतांतून माणसं होती. प्रत्येक मोहाखाली कोणी ना कोणी वाकलेलं. बोलणं, हसणं चालू होतं.

नामदेव आला. हातात टोपलं, मागे त्याची बायको शांता. आजूबाजूचं बोलणं थांबलं. कोणी त्याला एक शब्द म्हटला नाही. कोणी त्याच्याकडे पाहिलंसुद्धा नाही. सगळे वाकून आपापली फुलं वेचत राहिले. मी म्हणतो, त्याला शिव्या दिल्या असत्या तर बरं झालं असतं.

शांता सरळ पुढे निघून गेली, वरच्या माळावर. तिथे भोयरांचा स्वतःचा एक मोहा होता. ती त्याखाली वेचायला बसली.

नामदेव पहिल्या झाडाजवळ आला. झाडलेल्या जमिनीच्या काठाशी थांबला. टोपलं या हातातून त्या हातात घेतलं. सूर्य वर आला. कोतवालानं बिडी पेटवली. पंच बिचारे माझ्याकडे पाहत आणि मी नामदेवकडे.

तेवढ्यात कोणाच्या तरी शेळ्या सुटून आल्या. मोहा म्हटला की शेळीला दुसरं काही सुचत नाही. त्या म्हातारीच्या दुसऱ्या झाडाखाली घुसल्या. आणि माळावरून शांता काठी घेऊन धावत आली. "हाड! हाड! मैनाकाकीचा मोहा खाऊन राह्यल्या रांडच्या!" शेळ्या पार धुऱ्याच्या बाहेर घालवून ती कमरेवर हात ठेवून धापा टाकत उभी राहिली. तिनं नवऱ्याकडे पाहिलं, मग पंचांकडे. आपण काय बोलून बसलो हे तिला तेव्हा कळलं. पण शब्द मागे घेतला नाही बरं बाईनं. पदर सावरून परत आपल्या झाडाकडे गेली.

नामदेवनं टोपलं उपडं केलं आणि त्यावर बसला.

ऊन कडक होईपर्यंत आम्ही तसेच. शेवटी मी म्हटलं, "काऊन नामदेवभाऊ? वेचत नाई?"

"बाबू, तुमीच वेचा ना."

"मी कशाला वेचू? माझं झाड आहे काय?"

"मंग मी काऊन वेचू?"

असं बोलून तो स्वतःच दचकला. मग हसला, कसनुसं. मी पंचांना म्हटलं, लिहा.

इकडे शाळेत मैनाबाई मॅडमजवळ बसली होती, पण जीव सगळा धुऱ्यावर. मॅडमनी नंतर सांगितलं, म्हातारी दर थोड्या वेळानं उठायची, शेताकडे पाहायची, परत बसायची. मॅडमनी चहा दिला तो तिनं गार होऊ दिला. एकदाच विचारलं, "नामदेवानं वेचलं असन काय?" आणि स्वतःच म्हणाली, "वेचू दे. तो लहान होता तवा माह्या घरीच शिजलेला मोहा खाये."

आम्ही परतलो. मी पंचनामा टेबलावर ठेवला. मॅडमनी तो वाचला आणि नामदेवला म्हणाल्या, "काल तर तुमचा होता."

"काल इथी होता म्याडम, सतरंजीवर बसून. सकाळी झाडाखाली गेलो तं पाय नाई उचलला." तो मैनाबाईकडे न पाहता बोलत होता. "लिहा जी. हरकत वापस. मोहा काकीचा."

दादाजीनं भावाच्या पाठीवर हात ठेवला. म्हातारी पदर डोळ्याला लावून बसली. आणि मी? मी रजा, बदल्या आणि टीए बिलांत केस पिकवलेला माणूस, मला समोरचा कागद दिसेना. चष्मा पुसण्याचं निमित्त केलं.

मॅडमचं मात्र संपलं नव्हतं. "आता चला," म्हणाल्या, "बाईंचा एक दिवस परत द्यायचाय." सगळे धुऱ्यावर गेले. मैनाबाईनं त्या दिवसाची, कोणी हात न लावलेली सगळी फुलं वेचली. दुकानदाराचा तराजू आणला होता. पंचांसमोर वजन केलं. मला तेव्हा उमगलं की मॅडमनी एका दगडात दोन पक्षी मारले. झाडं कोणाची, ते कळलं. झाडं देतात किती, तेही कळलं. एका दिवसावरून हंगाम काढता येतो, शेजारच्या झाडांशी ताडून पाहता येतो. वर्षाच्या उत्पन्नातून मेहनत वजा करायची आणि झाड अजून किती वर्षं फुलेल त्या हिशोबानं गुणायचं. फळझाडांची किंमत अशीच काढतात. आंबा असाच धरतात, चिंच अशीच धरतात.

अडचण एवढीच की मोहा आमच्या फळझाडांच्या यादीत नव्हता. वरच्या ऑफिसातून फाईल शेरा घेऊन परत आली. मॅडम मला घेऊन स्वतः गेल्या. तिथले मोठे साहेब भडकलेच होते.

"मोहाला फळझाड कोणी म्हटलं? वनविभागानं जळाऊ लाकूड लिहिलंय."

"सर, जळाऊ लाकूड माणूस एकदा जाळतो," मॅडम म्हणाल्या. "हे झाड ती बाई तीस वर्षं खातेय."

"उद्या सगळा जिल्हा मोहा घेऊन दारात येईल."

"यावा ना सर. बुडवतोय आपण."

साहेबांनी पंचनामा पुन्हा वाचला. शेळ्यांच्या ओळीपाशी थांबले. मी शेळ्यासुद्धा लिहिल्या होत्या, आणि शांताबाई काय बोलली तेही, एक शब्द गाळून. साहेब हसले नाहीत, पण पेन मागितलं. वाघिणीचं काळीज पाहिजे हो, वरिष्ठाच्या केबिनमध्ये असं उभं राहायला. बाहेर आल्यावर मॅडम जिन्याच्या पायरीवरच बसल्या. "मेश्राम," म्हणाल्या, "कुठं चहा मिळेल का?"

निवाड्यात मैनाबाईचं नाव आलं. हितसंबंधित व्यक्ती, झाडांपुरती. भोयरांना जमिनीचं, तिला मोहाचं. कायदा तोच होता, त्यातला एक शब्दही आम्ही बदलला नाही. तो पूर्ण वाचणारं कोणी भेटलं होतं, एवढंच.

वाटपाच्या दिवशी म्हातारीनं अंगठा दिला. किती मिळाले ते विचारलं नाही. विचारलं ते हे, "बाई, झाडं कवा तोडता?"

मॅडमनी प्रकल्पाच्या इंजिनियरला विचारलं. पुढच्या पावसाळ्याआधी पाणी चढणार नव्हतं. "मग पुढचा चैत होऊ द्या," मॅडम म्हणाल्या. इंजिनियरनं मान डोलावली. म्हातारीनं आणखी एक हंगाम वेचला.

नंतर माझी बदली झाली, मॅडमचीही. बऱ्याच वर्षांनी दुसऱ्याच कामानं त्या बाजूला गेलो. जाताना मुद्दाम वाट वाकडी केली. तलाव भरलेला. सहा मोहांची जागा पाण्याखाली. चैतच होता. वरच्या माळावर भोयरांचा तो एक मोहा उभा होता. त्याखालची जमीन झाडून लख्ख केलेली, आणि मैनाबाई, आता पार वाकलेली, एक एक फूल टोपलीत टाकत होती. बाजूला नामदेव काठी घेऊन बसला होता. शेळ्यांसाठी.

त्यानं मला ओळखलं. राम राम झाला. मी विचारलं, "नामदेवभाऊ, हा तर तुमचा मोहा ना?"

"होता जी. दादानं मरताना काकीले देल्ला."

माझ्यातला कारकून काही मरत नाही. "मग लिहून-बिहून दिलं का काही?"

नामदेव हसायला लागला. "कागद काऊन पाह्यजे बाबू? तुमी पाह्यलं ना."

पाहिलं होतं खरं. त्या कुकडटोल्यानंतर मी नोकरीत असेपर्यंत, चैतात सुनावणीची तारीख लावली नाही. नवीन साहेब विचारायचे, या दिवसांत काय अडचण आहे? मी म्हणायचो, काही नाही सर, ठेवायचीच असेल तर सतरंजी शाळेत टाकू नका. झाडाखाली टाका.